रिंगणाला पुढची रांग नसते



आषाढी एकादशीच्या सुमारे आठवडाभर आधी सातारा जिल्ह्यातील फलटण गाव माणसांनी फुलून जाते. ज्ञानेश्वर महाराजांची पालखी नीरा नदी ओलांडून सातारा जिल्ह्यात शिरते आणि लोणंदला मुक्काम करते. पुढे तरडगावच्या वाटेवर 'चांदोबाचा लिंब' या ठिकाणी वारीतले पहिले उभे रिंगण होते. मग तरडगाव, फलटण, बरड असे मुक्काम करीत वारी सोलापूर जिल्ह्यात उतरते.

तुम्ही फलटणच्या आसपास राहत असाल तर हे दृश्य अनेकदा पाहिले असेल. नसाल तर मोठ्या माणसांबरोबर एकदा मुद्दाम पाहा. मात्र पाहताना एक गोष्ट नीट न्याहाळा. आळंदीहून निघालेला वारकरी चांदोबाच्या लिंबाशी येईपर्यंत शंभर किलोमीटरांहून अधिक चाललेला असतो. पायांना फोड आलेले असतात, अंगावर पावसाचे कपडे वाळलेले असतात. अशा माणसाने खरे तर सावली पाहून पाठ टेकावी. पण तो काय करतो? मृदंगावर थाप पडते, टाळ वाजू लागतात आणि तो पावली खेळू लागतो! दोन पावले पुढे, दोन मागे, मध्येच गिरकी, मध्येच उडी. शेजारी साठीच्या आजीबाई कोणा अनोळखी बाईचे हात धरून फुगडी घालतात. आणि खेळ संपला की ही मंडळी अधिक दमलेली दिसत नाहीत; उलट ताजीतवानी होऊन पुढच्या वाटेला लागतात.

ही भक्तीची किमया आहे, असे वारकरी सांगतील. ते त्यांच्या ठिकाणी खरेच आहे. पण विज्ञानाच्या विद्यार्थ्याला आणखी एक प्रश्न पडायला हवा. दमलेला माणूस नाचून ताजा कसा होतो? आणि तो एकटा नाचला असता तर तसाच झाला असता का?

या प्रश्नाचा माग काढत आज आपण ढोल, टाळ, लेझीम आणि फुगडी यांच्यामागचे विज्ञान पाहू.

ढोल मधोमध का?

फलटणच्या दक्षिणेला आणि पूर्वेला माणदेशाचा कोरडा मुलूख पसरला आहे. सह्याद्रीच्या पर्जन्यछायेतल्या या भागात पाऊस थोडा. मेंढ्या राखणारी धनगर कुटुंबे चाऱ्यासाठी वर्षातले कित्येक महिने कळप घेऊन गावोगाव फिरतात. आज या रानात मुक्काम, उद्या त्या रानात. भाऊ एका दिशेला, भावकी दुसऱ्या दिशेला. मग घरी परतल्यावर, सणाला किंवा बिरोबाच्या यात्रेला ही पांगलेली माणसे एकत्र येतात आणि गजी नाच रंगतो. त्यालाच कोणी गजे किंवा धनगरी गजा म्हणतात. सातारा, सांगली आणि सोलापूर या जिल्ह्यांतला हा मानाचा नाच. सांगली जिल्ह्यातील आरेवाडीचे बिरोबाचे ठाणे तर सर्वांच्या परिचयाचे आहे.

धोतर, अंगरखा, डोक्याला फेटा आणि हातात रंगीत रुमाल असा नर्तकांचा वेश असतो. मोठे ढोल वाजविणारे मध्यभागी आणि त्यांच्या सभोवती नर्तकांचे रिंगण. आता तुम्ही विचाराल, यात विज्ञान कोठे आले? ढोल मधोमध ठेवण्यातच ते आहे!

ध्वनी हवेतून सेकंदाला सुमारे ३४० मीटर वेगाने जातो. हा वेग मोठा वाटतो, पण तालाच्या हिशेबात तो तसा बेताचाच आहे. ढोल जर रांगेच्या एका टोकाला असेल आणि रांग ३४ मीटर लांब असेल, तर ढोलाची थाप दुसऱ्या टोकाच्या नर्तकाला सेकंदाच्या दहाव्या भागाइतकी उशिरा ऐकू येईल. पहिला पाय आपटून मोकळा झाला तरी शेवटच्याला थापच पोहोचलेली नाही. एवढे अंतर डोळ्याला सहज जाणवते. रांग विस्कटलेली दिसू लागते.

आता ढोल वर्तुळाच्या केंद्राशी आणा. वर्तुळाची व्याख्या तुम्ही भूमितीत शिकलाच आहात. परिघावरचा प्रत्येक बिंदू केंद्रापासून सारख्याच अंतरावर असतो. रिंगणाची त्रिज्या ५ मीटर धरली तर थाप सर्वांच्या कानांवर ५ ÷ ३४० म्हणजे सुमारे ०.०१५ सेकंदात, आणि मुख्य म्हणजे एकाच वेळी पोहोचते. कोणाला आधी नाही, कोणाला नंतर नाही. ढोल मध्ये ठेवणाऱ्यांनी हा गुणाकार-भागाकार कागदावर केला नसेल. पण पायांनी तो अचूक सोडवला होता.

हाच हिशेब वारीला लावून पाहा. वारीची रांग कित्येक किलोमीटर लांब असते. एक किलोमीटर जायला ध्वनीला जवळजवळ ३ सेकंद लागतात. तेव्हा साऱ्या वारीला एक ताल धरणे भौतिकशास्त्राच्या नियमानुसार अशक्यच. म्हणून काय, तर प्रत्येक दिंडीचा मृदंग वेगळा, वीणेकरी वेगळा, टाळकरी वेगळे. लाखोंची वारी ही प्रत्यक्षात हाकेच्या अंतरात मावणाऱ्या लहान लहान ताल-मंडळांची माळ असते.

थाप ऐकून पाय टाकाल तर चुकाल

आता दुसरी गंमत पाहू. थाप ऐकली आणि मग पाय टाकला, असे आपल्याला वाटते. पण तसे होत असते तर कोणालाच नाचता आले नसते! आवाज कानावर पडल्यापासून स्नायू हलेपर्यंत सेकंदाचा सातवा-आठवा हिस्सा तरी जातोच. म्हणजे थापेची वाट पाहणाऱ्याचे पाऊल दर वेळी मागे पडणार.

खात्री करून घ्यायची आहे? मित्राला टेबलावर वाटेल तेव्हा टिचकी मारायला सांगा. कधी लवकर, कधी उशिरा. तुम्ही डोळे मिटून त्याच्या प्रत्येक टिचकीबरोबर टाळी वाजवा. टाळी हमखास मागे राहील. आता त्यालाच सारख्या अंतराने टिचक्या मारायला सांगा. पाच-सहा टिचक्यांतच तुमची टाळी तिच्यावर बरोबर बसेल. प्रयोगशाळेत नेमके मोजले तर असे दिसते की, आपण बहुतेक वेळा ठोक्याच्या किंचित आधीच, सेकंदाच्या काही शतांश भागाने, टाळी वाजवून मोकळे होतो.

याचा अर्थ काय? आपला मेंदू ठोक्याची वाट पाहत नाही. पुढचा ठोका केव्हा पडणार याचे भाकीत करतो आणि स्नायूंना आधीच हुकूम देऊन ठेवतो. ताल म्हणजे ऐकणे नव्हे, ताल म्हणजे अंदाज. ढोलाची थाप आणि पाऊल एकाच क्षणी पडते तेव्हा हा अंदाज खरा ठरलेला असतो. प्रत्येक पावलागणिक एक लहानसे कोडे सुटते म्हणा ना!

आणि हे कोडे सोडवायला शिकवणी लागत नाही. हंगेरीतील शास्त्रज्ञांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २००९ मध्ये अवघ्या दोन-तीन दिवसांच्या झोपलेल्या बाळांना ढोलाचे ठेके ऐकवले आणि डोक्याला हलक्या तारा लावून मेंदूतील विद्युत्‌ स्पंदने नोंदली. ठेक्यातला मुख्य ठोका मुद्दाम गाळला की बाळांच्या मेंदूत वेगळीच हालचाल उमटे; जणू अपेक्षित पाहुणा आला नाही याची दखल घेतली जाई. तेव्हा 'मला ताल कळतच नाही' असे म्हणणाऱ्या तुमच्या वर्गमित्राला खुशाल सांगा, की बाबा, तू जन्मलास तेव्हा तुलाही तो बहुधा कळत होता. सरावाअभावी पाय बिचकत असतील, एवढेच.

दोन घड्याळे आणि एक तुळई

एकेकट्याने ताल धरणे समजले. पण वीस-पंचवीस माणसांचे पाय एकत्र कसे बांधले जातात? यासाठी आपण साडेतीनशे वर्षे मागे जाऊ.

१६६५ सालचा फेब्रुवारी महिना. लंबकाच्या घड्याळाचा जनक, डच शास्त्रज्ञ क्रिस्तियान हायगेन्स आजारी पडून खोलीत होता. समोर त्याचीच दोन घड्याळे एका आधारावर टांगलेली होती. पाहता पाहता त्याच्या लक्षात आले, की दोन्ही लंबक अगदी मेळ साधून हलत आहेत. एक डावीकडे जाई तेव्हा दुसरा नेमका उजवीकडे. त्याने मुद्दाम एकाची चाल बिघडवली. अर्ध्या तासाच्या आत दोन्ही पुन्हा पूर्ववत! घड्याळे दूर नेऊन ठेवली तेव्हा मात्र हा मेळ नाहीसा झाला.

कारण असे, की दोन्ही घड्याळे ज्या आधारावर टांगली होती त्याला प्रत्येक लंबक सूक्ष्म हिसका देत होता. तो हिसका आधारातून दुसऱ्या लंबकापर्यंत पोहोचत होता. एकाने दुसऱ्याला, दुसऱ्याने पहिल्याला असे करीत दोघे एका लयीत येत होते. कोणी सेनापती नव्हता, कोणी शिपाई नव्हता. दोघांना जोडणारी फक्त एक तुळई होती.

रिंगणातली तुळई कोणती? ढोलाचा आवाज ही एक. शेजाऱ्याचा खांदा, त्याचा रुमाल, त्याच्या पावलाने जमिनीला बसलेला हादरा या दुसऱ्या. आणि आपल्या शाळेतल्या लेझमीचे उदाहरण घेतले तर ते सर्वांत सोपे होईल. लेझमीचा लाकडी दांडा, लोखंडी साखळी आणि साखळीतल्या चकत्या यांची रचनाच अशी आहे की प्रत्येक हालचाल आवाज करते. पन्नास मुलांची लेझीम एकदम 'छन्‌' वाजते तेव्हा तो एकच आवाज असतो. एकाची अर्धा क्षण चुकली की त्याचे 'छन्‌' वेगळे ऐकू येते; सर्वांत आधी त्याच्याच कानाला. कोणी रागवायच्या आत तो पुढच्या ठोक्याला स्वतःला सावरून घेतो. चूक दाखवणारे आणि सुधारणारे यंत्र हातातच दिलेले आहे!

म्हणूनच रिंगणात नवख्याला घ्यायला कोणी घाबरत नाही. दोन अनुभवी माणसांच्या मध्ये त्याला उभे करतात. त्यांच्या चालीचे हिसके त्याला दोन्ही बाजूंनी मिळत राहतात आणि चार-सहा फेऱ्यांत तोही लयीत येतो, हायगेन्सच्या घड्याळासारखा.

फुगडीचे गणित

ज्या खेळात दुसऱ्यावाचून चालतच नाही, असा खेळ म्हणजे फुगडी. मंगळागौरीला, भोंडल्याला, वारीच्या वाटेवर ती घातली जाते. दोघी हात गुंफतात, पायांची बोटे बोटांना भिडवतात, मागे झुकतात आणि गरगर फिरू लागतात. या खेळात शरीरावर केवढे बल काम करते, याचा तुम्ही कधी हिशेब केला आहे का? चला, करू.

मुलीचे वस्तुमान ४० किलोग्रॅम धरू. मागे झुकल्यामुळे तिचा गुरुत्वमध्य फिरण्याच्या मध्यापासून ०.६ मीटर अंतरावर आहे, असे समजू. दीड सेकंदात एक फेरी होत असेल, तर तिचा वेग २ × ३.१४ × ०.६ ÷ १.५, म्हणजे सेकंदाला सुमारे २.५ मीटर येतो. वर्तुळात फिरत राहण्यासाठी केंद्राकडे ओढणारे जे अभिकेंद्री बल लागते, ते वस्तुमान × वेगाचा वर्ग ÷ त्रिज्या या सूत्राने मिळते. ४० × ६.२५ ÷ ०.६, म्हणजे जवळजवळ ४१७ न्यूटन. आणि त्या मुलीचे वजन? ४० × ९.८, म्हणजे ३९२ न्यूटन!

फुगडी घालणारी मुलगी आपल्या सबंध वजनाहूनही किंचित अधिक बलाने मध्याकडे ओढली जात असते. हे बल पुरवते कोण? मैत्रिणीच्या हातांची पकड आणि भिडलेल्या पायांना जमिनीचा मिळणारा घर्षणाचा आधार. मैत्रिणीने हात सोडला तर दोघीही भुईवर! म्हणूनच घामट हातांनी किंवा निसरड्या फरशीवर फुगडी घालू नये, असे घरातल्या बायका बजावतात. भरवसा हा शब्द आपण एरवी सहज वापरतो; फुगडीत तो चक्क न्यूटनमध्ये मोजता येतो.

आनंद कोठून येतो?

आता मूळ प्रश्नाकडे वळू. दमलेला माणूस ताजा कसा होतो?

१९७५ मध्ये स्कॉटलंडमधील अ‍ॅबर्डीन येथे जॉन ह्यूज आणि हान्स कोस्टरलिट्झ यांनी मेंदूत तयार होणारी अशी द्रव्ये ओळखली, की ज्यांची क्रिया अफूतल्या मॉर्फिनसारखी होते. पुढे या गटातली आणखी द्रव्ये सापडली. त्यांपैकी एंडॉर्फिन हे नाव आज सर्वतोमुखी झाले आहे. शरीराला कष्ट पडले की ही द्रव्ये स्रवतात, वेदना बोथट करतात आणि मनाला बरे वाटायला लावतात. व्यायामानंतर हलके का वाटते, याचे एक कारण हे.

पण एकट्याचा व्यायाम आणि मेळाने केलेला व्यायाम यांत फरक पडतो का? इंग्लंडमधील ऑक्सफर्ड विद्यापीठात यावर एक सुटसुटीत प्रयोग झाला. तो २००९ मध्ये प्रसिद्ध झाला. नौकाशर्यतीच्या संघातील १२ खेळाडूंनी वल्ही मारण्याच्या यंत्रावर ४५ मिनिटे व्यायाम केला. एकदा एकेकट्याने आणि एकदा सर्वांनी एका लयीत. व्यायामाच्या आधी व नंतर प्रत्येकाच्या दंडाला रक्तदाब मोजण्याचा पट्टा बांधून तो फुगवत नेला आणि 'आता दुखते' असे तो कोणत्या दाबाला म्हणतो, ते टिपले. दोन्ही वेळा कष्ट सारखेच होते. पण मेळाने वल्ही मारल्यावर वेदना सोसण्याची ताकद एकट्याने मारल्यापेक्षा सुमारे दुपटीने वाढलेली आढळली!

पुढे २०१५ मध्ये याच धर्तीचा प्रयोग प्रसिद्ध झाला. तो तर तुमच्याच वयाच्या, ब्राझीलमधल्या शाळकरी मुलांवर केलेला होता आणि विषय होता नाच. काही गटांनी उभे राहून जोरकस नाच केला, काहींनी बसल्या बसल्या हातांच्या हलक्या हालचाली केल्या. त्यांतही काही गटांनी सर्वांनी एकच हालचाल एकाच वेळी केली, तर काहींत प्रत्येकाची हालचाल वेगळी ठेवली होती. निष्कर्ष काय निघाला? कष्टाने वेदना सोसण्याची ताकद वाढते. आणि मेळाने, कष्ट थोडे असले तरीही, ती स्वतंत्रपणे वाढते. शिवाय ज्यांनी मेळाने नाच केला त्यांना आपल्या गटातली मुले अधिक जवळची वाटू लागली.

येथे एक गोष्ट ध्यानात ठेवा. या प्रयोगांत एंडॉर्फिन प्रत्यक्ष मोजलेले नाही. मोजली ती वेदना. आणि तिच्यावरून एंडॉर्फिनचा अंदाज बांधला. हा अंदाज सबळ आहे, पण अंदाज आहे. मोजलेले काय आणि तर्काने काढलेले काय, हे वेगळे ठेवण्याची सवय विज्ञानाच्या विद्यार्थ्याने लावून घ्यावी.

विल्यम मॅकनील या अमेरिकन इतिहासकाराला हा अनुभव निराळ्याच ठिकाणी आला. १९४१ मध्ये तो सैन्यात भरती झाला आणि टेक्ससच्या उन्हात त्याला तासन्‌तास कवायत करावी लागली. कवायत निरुपयोगी होती, कंटाळवाणी होती. तरीही पावलाला पाऊल लागले की मनात एक प्रकारचे भरते येई, आपण स्वतःपेक्षा मोठे झालो आहोत असे वाटे. हे असे का झाले, हा प्रश्न त्याने पन्नास वर्षे मनात बाळगला आणि १९९५ मध्ये त्यावर एक ग्रंथ लिहिला. त्याचे म्हणणे असे, की एकत्र ताल धरल्याने माणसांचे जे बंधन तयार होते ते स्नायूंतून तयार होते. आणि शेतावर, यात्रेत, युद्धात माणसांनी त्याचा सतत उपयोग करून घेतला आहे.

चांदोबाच्या लिंबाशी पावली खेळणाऱ्या वारकऱ्याचे कोडे आता बरेचसे उलगडते. तो दमलेला असूनही नाचतो असे आपण म्हणत होतो. कदाचित दमलेला असतो म्हणूनच नाचतो! पाय दुखत असतात, आणि दुखणे सोसण्याचा उपाय त्याच्या शेजारी उभा असतो.

रिंगण कोणाचे?

मित्रहो, येथेच लेख संपवता आला असता. पण मॅकनीलच्या गोष्टीत एक धोक्याची सूचनाही आहे. जो ताल यात्रेकरूंना जोडतो तोच ताल आक्रमण करणाऱ्या सैन्यालाही जोडतो. ताल माणसांना एक करतो. पण एक कशासाठी व्हायचे आणि कोणाकोणाला बरोबर घ्यायचे, हे तो सांगत नाही. ते माणसांनीच ठरवावे लागते.

आपल्याच इतिहासात पाहा. पंढरीच्या वाटेवर टाळ वाजवीत गेलेल्या अस्पृश्य मानलेल्या वारकऱ्याला शतकानुशतके विठ्ठलाच्या देवळाचे दार बंद होते. ते उघडावे म्हणून साने गुरुजींनी १९४७ च्या मे महिन्यात उपोषण केले, तेव्हा ते उघडले. गजी हा प्रामुख्याने पुरुषांचा नाच राहिला, फुगडी बायकांची. रिंगणाला पुढची रांग नसते, सर्व जागा सारख्या असतात, हे खरे. पण कोणाला रिंगणात घ्यायचे आणि कोणाला बाहेर उभे करायचे, ही रेघ भूमितीने आखलेली नव्हती. ती आपण आखली होती. आणि जी आपण आखली ती आपणच पुसू शकतो.

आज आणखी एक रेघ नकळत आखली जात आहे. लोकनृत्ये रंगमंचावर गेली. स्पर्धा होतात, बक्षिसे मिळतात, त्यामुळे कित्येक कला टिकल्या, हे मान्य केलेच पाहिजे. पण रंगमंचाला पुढची बाजू असते. मग चांगल्या नाचणाऱ्या बारा मुली निवडल्या जातात आणि उरलेल्या साठ मुली खुर्च्यांवर बसून टाळ्या वाजवतात, नाहीतर मोबाइलवर चित्रण करीत राहतात. ज्यांना मेळाची सर्वाधिक गरज, ती बुजरी, अवघडलेली, नव्याने शाळेत आलेली मुलेच नेमकी बाहेर राहतात.

मिरवणुकांतल्या ध्वनिवर्धकांच्या भिंतींनीही असेच केले आहे. ढोल मध्ये होता तेव्हा माणसे एकमेकांकडे तोंड करून नाचत. भिंत एका टोकाला असली की सारे भिंतीकडे तोंड करून नाचतात. त्या गदारोळात कोणालाच स्वतःचे पाऊल ऐकू येत नाही, मग चूक सुधारणार कशी? शिवाय कानांचे काय? ८५ डेसिबेलच्या गोंगाटात रोज ८ तास काम करणाऱ्याची श्रवणशक्ती कायमची अधू होण्याचा धोका असतो, आणि आवाज त्याहून वाढला की सुरक्षित वेळ झपाट्याने घटत जातो. भिंतीपुढचा आवाज याहून कितीतरी मोठा असतो. ढोलही जोरात वाजतो. पण तो वाजवणाऱ्याचे हात दुखतात आणि तो थांबतो. यंत्राचे हात दुखत नाहीत.

तुमच्या शाळेत करून पाहा

शिक्षकांच्या मदतीने एक प्रयोग करता येईल. वर्गातल्या मुलामुलींचे चिठ्ठ्या टाकून दोन गट करा. मित्र मित्र एका गटात येऊ नयेत म्हणून चिठ्ठ्या हव्यातच. दोन्ही गटांना लेझमीचे तेच चार प्रकार १० मिनिटे करायला द्या. पहिल्या गटाने गोल रिंगण करावे आणि मध्ये ढोल ठेवून एका तालावर लेझीम खेळावी. दुसऱ्या गटाने मैदानात विखरून, पाठ फिरवून, ढोलाशिवाय ज्याच्या त्याच्या गतीने खेळावी. खेळण्याच्या आधी आणि नंतर प्रत्येकाने नाव न घालता चिठ्ठीवर १ ते ५ पैकी गुण द्यावेत: 'गटातली मुले मला किती जवळची वाटतात?' आणि 'मी किती दमलो आहे?' आठवड्याने गटांची अदलाबदल करून प्रयोग पुन्हा करा आणि सरासरी काढा. दोन्ही वेळी आकडे काय सांगतात ते पाहा. अपेक्षेप्रमाणे आले नाहीत तरी खोडू नका. का आले नाहीत, यावर चर्चा करा. एक मात्र पाहा, दमा किंवा हृदयाचा विकार असलेल्या विद्यार्थ्याला ढोल वाजवायला किंवा वेळ मोजायला द्या. ढोल रिंगणाच्या मधोमध असतो, तेव्हा तोही बाहेर राहणार नाही.

आणखी एक लहानसे निरीक्षण करा. लेझमीचा सराव चालू असताना मैदानाच्या टोकाला, शंभर मीटर दूर जाऊन उभे राहा. हात खाली येताना दिसतील आणि 'छन्‌' मागाहून ऐकू येईल. घड्याळ नसले तरी डोळे आणि कान यांच्यातला हा फरक तुम्हाला जाणवेल. १०० ÷ ३४०, म्हणजे सुमारे ०.३ सेकंद. तेथे उभे राहून तुम्ही पायाने ताल धरून पाहिलात, तर डोळ्यांचे ऐकावे की कानांचे, असा पेच पडेल.

तो पेच सोडवण्याचा एक सोपा उपाय आहे. शंभर मीटर चालत पुढे या, दोघांच्या मध्ये जागा मागा आणि रिंगणात उभे राहा. आणि उभे राहिल्यावर एकवार मागे वळून पाहा. कडेला कोणीतरी हात मागे बांधून उभे असेल. त्यालाही आत ओढा. रिंगण थोडे मोठे होईल इतकेच. केंद्र जागच्या जागी राहील आणि ढोल सर्वांना पुन्हा एकाच वेळी ऐकू येईल.